सरलाबाईंचा चेहरा माझ्यावर होता

मी एक जुना प्लास्टरचा चेहरा आहे, मित्रांनो. नाकाचा शेंडा उडालेला, अमेरिकेतल्या फ्रीमाँटच्या एका गॅरेजात फळीवर पडलेला. हसू नका! एके काळी माझाही थाट होता.

एका तमिळ चित्रपटात एकच नट आठ भूमिका करणार होता. निर्मात्याची उडीच मोठी! २००६ साली त्या नटाला इथल्या एका मेकअपच्या वर्कशॉपात आणलं, नाकपुड्या तेवढ्या उघड्या ठेवून तोंडावर लेप थापला आणि त्या साच्यातून मी जन्मलो. माझ्यावर मातीचा नवा चेहरा घडवायचा, त्यावरून रबरी मुखवटा करायचा, मग माती खरवडून पुढचा चेहरा घ्यायचा. पुजारी, सरदार, खलनायक, सगळे माझ्याच डोक्यावर बसले. कौतुक मात्र मुखवट्यांचं!

हे चेहरे घडवायची नागपूरची शुभा. शेवटचा चेहरा चित्रपटातल्या आजीचा होता. त्याच हिवाळ्यात शुभाची आई, सरलाबाई, नागपूरला वारली. व्हिसाचे कागद अडकलेले, त्यामुळे शुभाला शेवटचं तोंडही पाहता आलं नाही. मग ती माझ्यावर आईच घडवू लागली. कपाळावरचं गोंदण, डाव्या भुवईवरचा व्रण, सगळं बोटांनी आठवत.

"आई, आता तू मोठ्या पडद्यावर दिसशील बघ," ती म्हणायची. खोटं कशाला सांगू, मलाही भरून यायचं.

चेहरा पुरा झाला आणि वर्कशॉपचे मालक चारुदत्तकाका फोन ठेवून आले.

"शुभा, आजीचा रोल कॅन्सल केला गं. पिक्चर फार लांबतंय म्हणे. व्हिलनची हनुवटी मोठी हवीय, उद्याच पाठवायचीय. हीच माती घे."

"काका, निदान हिचा साचा काढून ठेवू?"

"अगं, वेळ कुठाय? फोटो काढून ठेव हवा तर."

"फोटो घरी आहेत, काका," शुभा म्हणाली आणि तिनं खरवडणी उचलली. गाल गेले, कपाळ गेलं. खरवडलेली माती तिनं व्हिलनच्या हनुवटीसाठी थापली. करणार तरी काय?

दोन वर्षांनी चित्रपट लागला. शुभा एकटीच पाहून आली आणि माझ्यापाशी बसली. "व्हिलन आला की लोक हुर्यो करत होते रे," एवढंच म्हणाली. पुढे वर्कशॉप बंद पडलं, मी या गॅरेजात येऊन पडलो, तिनंही ते काम सोडलं.

मित्रांनो, मला जपा असं मी म्हणत नाही. माझं काय, उद्या कचऱ्यात जाईन. पण कधी धूळ पुसायला आलात, तर डाव्या भुवईपाशी फडकं मारू नका. खरवडताना शुभाचा हात तिथं थांबला होता. थोडी माती अजून आहे.