नवाच्या पाढ्यात नसलेला आकडा

मास्तरांच्या शिवणकामाच्या दुकानात एक नियम होता आणि तो मोडायची कुणाची टाप नव्हती. सकाळचं कोडं सुटल्याशिवाय कापडाला कात्री लावायची नाही. नियम अर्थातच बायकोचा. गिऱ्हाइकं तिला मास्तरीणबाई म्हणत, कारण कापड कापायचे मास्तर, पण मापं घ्यायची ती, आणि मास्तरांना धारेवर धरायचीही तीच. नवीन लग्न झालं तेव्हा मास्तर घाईघाईत कात्री चालवायचे आणि मग डोक्याला हात लावून बसायचे. "आधी डोकं जागं करा, मग हात," म्हणाली ती, आणि टेबलाच्या कोपऱ्यावर कापड आखायच्या खडूनं तिनं पहिलं कोडं घातलं. तेव्हापासून चहा चुकला असेल, कोडं नाही.

कोडी सगळी आकड्यांची. उदाहरणार्थ, दोन अंकी संख्या आहे, अंकांची बेरीज अकरा, आणि अंक उलटे लिहिले तर संख्या सत्तावीसनं वाढते, ओळखा. मास्तर कानाला पेन्सिल लावून येरझाऱ्या घालायचे, आणि एकदम ओरडायचे, "सत्तेचाळीस! उलटवले की चौऱ्याहत्तर!" मग ती तळहातानं खडू पुसायची आणि दुकान उघडायचं. त्यातली मेख तिनंच त्यांना शिकवली होती. अंक उलटे करून मोठ्यातून लहान वजा केला की उत्तर नेहमी नवाच्या पाढ्यातलंच येतं. नऊ, अठरा, सत्तावीस, छत्तीस. दुसरं काही येणारच नाही, डोकं आपटलंत तरी.

म्हणून त्या सकाळी मास्तर टेबलापाशी थबकलेच. टेबलावर तिच्या ठसठशीत अक्षरात लिहिलं होतं: अंकांची बेरीज दहा, उलटवली की चोवीसनं वाढते.

चोवीस! नवाच्या पाढ्यात चोवीस कुठून आणायचे? मास्तरांनी चष्मा पुसून पुन्हा वाचलं. चोवीसच. ती मागच्या खोलीत काहीतरी गुणगुणत चहा गाळत होती. गेले काही दिवस तिचं बारीकसारीक चुकत होतं. रिकामं भांडं गॅसवर राहायचं, एकच गोष्ट ती पुन्हा सांगायची. मास्तर म्हणायचे, चालायचंच, वय झालं की होतं. पण कोडं? कोडं तिचं कधी चुकलं नव्हतं.

"सुटलं का हो?" ती कपबशी घेऊन आली.

"सदतीस," मास्तर म्हणाले, आणि तिनं बघायच्या आत खडू पुसूनही टाकला. "वा! काय कोडं घातलंस!"

ती इतकी खूश झाली म्हणता, की मास्तरांना वाटलं, बरं केलं आपण. मग काय, एकदा जीभ वळली की वळतच राहते. एखादा दिवस कोडं बरोबर असायचं, एखादा दिवस त्याला उत्तरच नसायचं. मास्तर दोन्ही दिवशी उत्तर द्यायचे.

एके दुपारी लेक दुकानात आली ती थेट हातात नवऱ्याची पँट घेऊनच. लेक नर्स होती, सरळ बोलणारी, आईवर गेलेली.

"बाबा, ह्यात तुमचे दोन जावई मावतील," ती म्हणाली आणि पँट टेबलावर पसरली. "कंबर चौतीस आहे त्यांची. ही त्रेचाळीस आहे!"

"आकडा उलटा पडला असेल ग माझ्याकडून," मास्तरीणबाई हसून म्हणाली. "चौतीसचे त्रेचाळीस. आण, आत घेऊन देते."

"आणि कापताना तुम्हाला दिसलं नाही, बाबा?"

दिसलं होतं. चांगलं दिसलं होतं. पण तिला विचारणं जिवावर आलं, म्हणून मास्तरांनी मनाची समजूत घातली की जावयाला लेकीच्या हातचं मानवलेलं दिसतंय, आणि त्रेचाळीसवर कात्री चालवली. आता ते म्हणाले, "घाईत राहून गेलं," आणि उगाच टेप गुंडाळायला लागले.

लेकीनं स्टूल ओढून आईसमोर ठेवलं. "आई, हे तिसऱ्यांदा होतंय. आमच्याकडे मेंदूच्या डॉक्टर आहेत, मी त्यांच्याशी बोलले आहे. काही असलंच तर औषधं लवकर सुरू केलेली बरी, म्हणाल्या. उशीर झाला तर फारसा उपयोग होत नाही. उद्या दुपारी चल माझ्याबरोबर."

"माझ्या मेंदूला काय धाड भरलीय?"

"काही नसेल तर उत्तमच. पण दाखवू तरी."

"अग, डोकं ठिकाणावर नसतं तर रोजची कोडी घातली असती का मी?" मास्तरीणबाईनं हात झटकले. "मलाही मेलं विसरायला होतंय, कळत नाही का मला? भीती मलाही वाटते. म्हणून तर रोज सकाळी आधी ह्यांचं तोंड बघते. कोडं ह्यांच्यासाठी कुठं राहिलंय आता, माझ्यासाठीच घालते मी. ते बरोबर म्हणाले की माझा दिवस सुखाचा जातो. विचार तुझ्या बाबांना, एक तरी चुकलंय का? ज्या दिवशी चुकेल ना, त्या दिवशी मी आपल्या पायांनी येईन."

दोघी मास्तरांकडे बघायला लागल्या.

एवढे दिवस मास्तरांना वाटत होतं की आपण तिला जपतोय. आणि ती बिचारी त्यांच्या एका शब्दावर हवाला ठेवून डॉक्टरकडे जायचं टाळत होती! आता मूग गिळून बसलं तरी ती सुखात राहील, आज, उद्या, आणखी थोडे दिवस. मग? मास्तरांना स्वतःचा असा राग आला की हातातली टेप त्यांनी भिरकावूनच दिली.

त्यांनी खडू उचलला आणि टेबलाच्या कोपऱ्यावर लिहिलं: बेरीज दहा, उलटवली की चोवीसनं वाढते.

"हे कुणाचं?" तिनं विचारलं.

"तुझं. मागच्या महिन्यातलं."

ती वाकली. वाचलं. बोट चोवीसवर ठेवून तिनं ओठांतल्या ओठांत नवाचा पाढा म्हटला, शाळेतल्या पोरीसारखा, अठरा, सत्तावीस, आणि तिथंच थांबली.

"हे तर येतच नाही," ती म्हणाली. "आणि तुम्ही काय उत्तर दिलंत?"

"सदतीस."

"सदतीस उलटे त्र्याहत्तर. वजा केले की छत्तीस येतात हो! चोवीस कुठल्या शाळेत शिकलात?" ती खो खो हसली, आणि हसता हसताच तिच्या डोळ्यांतून घळघळ पाणी वाहायला लागलं. "अजून किती चुकली?"

"बरीच," मास्तर म्हणाले. त्यांचाही बांध फुटला. "मला सांगवेना ग तुला."

"मग मी विचारायचं कुणाला?" ती म्हणाली. "मी चुकणारच आता. पण तुम्हीही खोटं बोललात, तर मला माझं कळणार कसं?"

लेकीनं आईच्या पाठीवर हात ठेवला. मास्तरीणबाईनं पदरानं डोळे पुसले, पँट पुढे ओढली आणि कंबरेची शिवण उसवायला घेतली. "उद्या दुपारी म्हणालीस ना? जेवून निघू," ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मास्तर दुकानात आले तर टेबलावर कोडं हजर. बेरीज बारा, उलटवली की बावन्ननं वाढते.

मास्तर कानाला पेन्सिल लावून खूप वेळ उभे राहिले. ती चहा घेऊन आली आणि कप खाली न ठेवताच त्यांच्या तोंडाकडे बघत राहिली.

"सुटलं का हो?"

'सुटलं' हा शब्द अगदी जिभेवर आला होता. मास्तरांनी तो गिळला.

"चुकलंय," ते म्हणाले. "बावन्न नवाच्या पाढ्यात नाही."

तिनं कप ठेवला, खडू घेतला, बावन्नातले दोन पुसून तिथं चार लिहिले आणि बाजूला सरकली. "आता?"

मास्तरांनी मनात मांडून बघितलं. एकदा नाही, दोनदा बघितलं. "एकोणचाळीस," ते म्हणाले. "आता बरोबर आहे."

"नक्की?"

"नक्की."

तिनं तळहातानं खडू पुसला. मग कात्री उचलून त्यांच्या हातात दिली, आणि दुपारी कुठलं लुगडं नेसायचं ते बघायला आत गेली.