दोन ब्रेकची मोटार

मित्रांनो, मी एक जुनी मोटार आहे, गाडी शिकवणाऱ्या शाळेतली. कारखान्यातून निघाले तेव्हा इतरांसारखा मलाही एकच ब्रेक होता. शाळेच्या मास्तरांनी शेजारच्या सीटपुढे दुसरा बसवून घेतला, टपावर ‘शिकाऊ’ अशी पाटी लावली आणि माझं आयुष्य घाबरलेल्या, घामेजलेल्या हातांच्या स्वाधीन झालं.

त्यातले एका नर्सबाईचे हात मी विसरलेले नाही. शहराबाहेरच्या दवाखान्यात तिला बढती मिळाली होती, पण सकाळच्या पाळीला तिकडे बस नव्हती. सासऱ्यांचं म्हणणं एकच, “आपल्या घरातल्या बायका गाडी चालवत नाहीत.” म्हणून ती ‘शिवणाच्या क्लासला जाते’ असं सांगून यायची. स्टिअरिंग इतकं घट्ट धरायची की बोटं पांढरी पडायची. तिचं लक्ष रस्त्याकडे कमी, ओळखीचा चेहरा दिसतो का याकडेच जास्त.

एके सकाळी तिच्या पाठोपाठ सासूबाई आल्या. “मीही येते,” एवढंच म्हणून मागच्या सीटवर बसल्या. सुनेच्या तोंडचं पाणी पळालं. मास्तरांनी निघायची खूण केली.

चौकात सिग्नल सुटला आणि मी बंद पडले. तिने चावी फिरवली. मी गचका खाल्ला, पुन्हा बंद! मागे हॉर्नचा नुसता कल्लोळ. तेवढ्यात शेजारी एक स्कूटर थांबली. स्कूटरवर सासरे!

“ही काय थेरं? उतर आधी खाली!”

तिचा हात दाराकडे गेला.

“उतरायचं नाही,” सासूबाई मागून म्हणाल्या. मग काच खाली करून नवऱ्याला म्हणाल्या, “अहो, ओरडू नका. तिला गाडी सुरू करू द्या. आणि पुढच्या महिन्यात मीही शिकणार आहे, आत्ताच सांगून ठेवते.”

तिसऱ्या खेपेला मी सुरू झाले. चौक ओलांडल्यावर सुनेने चाचरत विचारलं, “आई, तुम्हाला कळलं कसं?”

“दोन महिने शिवण शिकतेस आणि बोटाला एकदाही सुई टोचली नाही? मी काय आज जन्मले?”

ती पहिल्या परीक्षेत नापास झाली, दुसऱ्या खेपेला पास. सासरे बरेच दिवस अबोला धरून होते; मास्तर सांगतात, आजही मोजकंच बोलतात. सासूबाई मात्र ठरल्याप्रमाणे आल्या. माझ्या उजव्या दारावरचा पोचा त्यांचाच!

आता मी शाळेच्या मागे पत्र्याखाली उभी असते. टायर बसलेत. मला कुणी पुसावं, असा माझा हट्ट नाही. पण मित्रांनो, रस्त्यात शिकाऊ पाटीची गाडी बंद पडलेली दिसली, तर हॉर्न वाजवू नका. आत बसलेली बाई घरून निघतानाच पुष्कळ ऐकून आलेली असते.