जाती आणि येती

"वर ये," विरुपाक्ष म्हणाला, आणि व्यंकट वर आला नाही म्हणून त्याने काठावरची मूठभर खडी पायाने खड्ड्यात लोटली.

खडी व्यंकटच्या डोक्यावर, खांद्यावर पडली. त्याचा उजवा तळवा पाइपवर होता, तो त्याने काढला नाही. गळ्याइतक्या खोल त्या चेंबरमध्ये वाकून बसलं की वरच्या माणसाचे फक्त पाय दिसतात, आणि आज दिसत होत्या त्या लग्नासाठी घेतलेल्या कोऱ्या करकरीत चपला. विरुपाक्षच्या बहिणीचं लग्न होतं. वरच्या गल्लीत त्याच्या दारात मांडव उभा होता, पाहुणे उतरले होते, आणि सांगितलेला टँकर भालकीच्या रस्त्यावर चाक फुटून पडला होता.

"आमची पाळी हाय अण्णा," व्यंकट खालूनच म्हणाला. "साडेनऊला बंद करतो. मग दिसभर तुमचंच हाय."

व्यंकट ग्रामपंचायतीचा वॉटरमन. जुनी माणसं त्याला अजून नीरगंटी म्हणत. माळावरच्या टाकीतून निघालेली बिडाची लाइन आधी वरच्या गल्लीखालून यायची, मग या व्हॉल्वमधून भीमनगरात उतरायची. पाणी सहा दिवसांतून एकदा. व्हॉल्व उघडा असेपर्यंत सगळं पाणी उताराने भीमनगरात धावायचं. दोन तासांनी तो बंद केला की वरच्या गल्लीच्या नळांना जोर यायचा. पंचायतीचा तसा ठराव होता. आज भीमनगरच्या दोन तासांतली वीस मिनिटं झाली होती. आता बंद केला तर खालच्या चाळीस घरांना आणखी सहा दिवस कोरडे हंडे, तेही चैताच्या उन्हात.

अठ्ठावीस वर्षं हा माणूस ते चाक फिरवत होता. एवढ्या वर्षांत त्याने कुणावर हात उचलला नव्हता आणि त्याच्या हातून एकही पाइप फुटला नव्हता. दोन्ही गोष्टींचा त्याला सारखाच अभिमान होता, आणि गावाला दोन्हींची सारखीच कदर नव्हती.

पाइप न फुटण्यात काय मोठंसं, असं ज्याला वाटतं त्याने एकदा ते चाक धरून पाहावं. वीस फेऱ्यांचा व्हॉल्व. पहिले सोळा फेरे पोरानेही फिरवावेत, खरे ते शेवटचे चार. ते पाव-पाव फेऱ्याने द्यायचे, आणि प्रत्येक पावाला तळवा पाइपवर ठेवून थांबायचं. धावत्या पाण्याची वाट अडवली की मागचं पाणी पुढच्यावर आदळतं, आणि तो दणका उलट टाकीकडे धावत सुटतो. टाकीला लागून परत येतो. तो विरला की पुढचा पाव. सगळं मिळून दहा मिनिटं.

हे व्यंकटला त्याच्या तळव्याने शिकवलं होतं. त्यामागचं गणित त्याला शिकवलं मैत्रेयीने. मैत्रेयी त्याची एकुलती एक पोर, आई लहानपणीच गेलेली, कलबुर्गीला फिजिक्समध्ये एम.एस्सी. करत होती. मागच्या सुट्टीत ती त्याचा डबा घेऊन आली आणि उतरलीच चेंबरमध्ये. त्याच्या हाताशेजारी हात ठेवून बसली. त्याने पाव फेरा दिला, "गेली" म्हणाला, आणि थोड्या वेळाने "आली" म्हणाला. पोरीने ते मोबाइलवर मोजलं. दोन पूर्णांक चार सेकंद. मग विटेच्या तुकड्याने चेंबरच्या भिंतीवर चार आकडे मांडून तिने सांगितलं की टाकी इथून बाराशे मीटरवर आहे. पंचायतीच्या नकाशात तेवढंच लिहिलेलं होतं. खड्ड्यात बसल्या बसल्या माळ मोजणाऱ्या आपल्या लेकीकडे व्यंकट पाहतच राहिला.

"अप्पा, ह्याचं सगळं उत्तर एका वळीत मावतंय," ती म्हणाली होती, आणि आकड्यांच्या खाली तिने ती समीकरणाची ओळ लिहिली होती. "नळ हजार असू दे, पाणी कसंबी हिसके देऊ दे, आत लाटा दोनच. एक जाती, एक येती. आकार कसलाबी दे. जसा तू देशील तसाच ती घेऊन जाती, मनाचं काई मिळवत न्हाई."

कुणी शोधलं, असं व्यंकटने विचारलं. पावणेतीनशे वर्षांपूर्वीच्या एका फ्रेंच माणसानं, ती म्हणाली. जन्मल्याबरोबर त्याला चर्चच्या पायरीवर टाकून दिलेलं, ना जात ना कूळ. "म्हणून तर सापडलं त्येला," म्हणून व्यंकट हसला होता. जी जात नाही ती जात, हे त्याने उभा जन्म ऐकलं होतं. ही जाती निदान जात तरी होती, भले अडीच सेकंदांत परत येवो. पुढच्या साऱ्या पाळ्यांना तो त्या ओळीकडे पाहून चाक फिरवायचा. तिच्यातलं एक अक्षर त्याला वाचता येत नव्हतं, पण ती त्याचीच गोष्ट सांगते एवढं त्याला पक्कं ठाऊक होतं.

टाकीपाशी लाट उलटी होते, हेही तिने सांगितलं होतं. ढकलत गेलेली ओढत येते. मग इथे बंद व्हॉल्ववर आपटून ओढतच जाते, आणि टाकीला लागून पुन्हा ढकलत येते. व्यंकटने मान डोलावली होती. हाताला कळायचंच ते.

आज मात्र विरुपाक्षला काही ऐकायचं नव्हतं. तो मेंबर होता, आणि पाहुण्यांसमोर एक वॉटरमन त्याला पाळी शिकवत होता. त्याने मागच्या दोघांना खूण केली. दोघांनी व्यंकटला काखेत हात घालून वर ओढून काढलं. सदरा टर्रकन फाटला. पहिली लाथ बरगडीत बसली, दुसरी तोंडावर. दात ओठातून आरपार गेला आणि रक्त फुफाट्यात पडलं. छप्पन्न वर्षांचा माणूस गुडघे पोटाशी घेऊन पडून राहिला, आणि त्या कोऱ्या चपला एकामागून एक त्याच्या पाठीत बसत राहिल्या. भीमनगरच्या बाया हंडे तसेच टाकून धावल्या, पण पुढे यायला कुणी धजेना.

पुढे आली ती सुट्टीला घरी आलेली मैत्रेयी. बापाच्या आणि त्या पायांच्या मध्ये उभी राहिली. ती ओरडली नाही. आता या इथूनच पोलिसांना फोन लावते आणि अॅट्रॉसिटीची केस घालते, तिघांची नावं मला ठाऊक आहेत, एवढं तिने सांगितलं. विरुपाक्षने तिच्या कानाखाली अशी वाजवली की तिचा चष्मा उडून चेंबरमध्ये पडला.

व्यंकट उठला. कुणाकडे न पाहता तो पुन्हा खड्ड्यात उतरला. चष्मा शोधला, एक काच तडकली होती. फाटक्या सदऱ्याच्या टोकाने त्याने तो पुसला आणि हात वर करून लेकीला दिला.

"बंद करतो," तो म्हणाला. "दहा मिंटं द्या."

"दहा न्हाई अन् पाच न्हाई. एका झटक्यात कर."

"झटक्यात केलो तर वर कुठं तरी फुटंल, अण्णा."

"फुटू दे. कर म्हणलो न्हाई का?"

अठ्ठावीस वर्षं व्यंकटने सांगितलेलं ऐकलं होतं. तेही त्याने ऐकलं. सोळा फेरे त्याने भराभर फिरवले. मग दोन्ही हात चाकावर ठेवले, पाय भिंतीला रोवला, आणि त्याच्या अंगात आजवर साठलेलं जे जे होतं ते शेवटच्या चार फेऱ्यांत घातलं. एकदम. श्वासही न घेता. जसा दिला तसा.

पाइप त्याच्या हाताखाली जनावरासारखा उसळला. जमिनीतून असा दणका गेला की भिंतीवरची माती सुटली. गेली.

आणि मग त्याला आठवली नागव्वा.

नागव्वा विरुपाक्षची आजी, ऐंशीच्या पुढची. व्यंकट कामाला लागला तेव्हा ती त्याच्या ओंजळीत वरून पाणी ओतायची, हात न लागू देता. दहा वर्षं ओतलं. मग एका उन्हाळ्यात तिने काही न बोलता तांब्याच त्याच्या हातात दिला. तेव्हापासून पाण्याच्या दिवशी ती ओट्यावर बसून त्याची वाट पाहायची आणि कानडीत विचारायची, "नीरु बंतेनो?" पाणी आलं का रे? व्यंकट म्हणायचा, "बंतु, अव्वा." आलं. अठरा वर्षांत दोघांत याहून जास्त बोलणं झालं नसेल, आणि व्यंकटला याहून जास्त माया त्या गल्लीत मिळाली नव्हती.

तिच्या ओट्याला लागूनच, फरशीखाली, विरुपाक्षने तीन वर्षांपूर्वी चोरून दोन इंची जोड घेतला होता. गंजलेल्या पाइपला भोक पाडून त्यावर लोखंडी क्लॅम्प आवळला होता. आवळला होता व्यंकटनेच, विरुपाक्षच्या हुकमाने. लाइन फुटली तर ती तिथेच फुटणार होती.

लाट परत आली. ओढत. वरच्या गल्लीचे नळ फुस्स करून हवा ओढायला लागले. तो क्लॅम्प एकदा ढकलला गेला होता, आता ओढला जात होता, आणि तिसऱ्या वेळेला तो राहणार नव्हता. व्यंकटने ओरडायला तोंड उघडलं. खरं सांगायचं तर आवाजही होता. जिभेवर स्वतःचं रक्त होतं, वर लेकीच्या गालावर पाच बोटं होती, आणि त्याने तोंड मिटलं.

शहाबादी फरशी मांडवाच्या उंचीला उडाली. तिच्यामागे पाणी, आणि पाण्याच्या पुढे तो क्लॅम्प. नागव्वा लग्नघराच्या गर्दीपासून बाजूला, ओट्यावर सुपात तांदूळ निवडत बसली होती. क्लॅम्प तिच्या कानशिलावर बसला. मांडव कोसळला, बाया किंचाळल्या, आणि अर्धी गल्ली धुऊन निघाली तरी पाणी थांबेना. तांदूळ वाहत वाहत चेंबरपर्यंत आले. म्हातारी दवाखान्याच्या वाटेवरच गेली.

जुनी लाइन फुटून अपघात झाला, असं पंचायतीने लिहिलं. चोरीचा जोड उघडकीला येईल म्हणून विरुपाक्ष गप्प राहिला. मारहाणीची तक्रार द्यायची म्हणून मैत्रेयी कागद घेऊन बसली, तर थोडं थांब, असं व्यंकटनेच तिला सांगितलं. तिने पेन खाली ठेवलं.

"अप्पा, मी मोजले," ती म्हणाली. "मोजायचं नव्हतं, पर मोजणं झालं. तू चाक आवळल्यापासून फुटंस्तवर चार पूर्णांक आठ सेकंद हुते."

पोरीने पुढे विचारलं नाही. तिला एवढं चांगलं शिकवल्याचं त्याला त्या क्षणी पहिल्यांदा वाईट वाटलं.

सहाव्या दिवशी पुन्हा पाळी होती. लाइन व्यंकटनेच जोडली होती, बरगड्या आवळून बांधून. तो जोडही त्याने कायमचा बुजवला होता. भीमनगरचे दोन तास पुरे झाले, सोळा फेरे झाले, आणि चेंबरच्या काठावर पाय दिसले. अनवाणी.

व्यंकटने चाक सोडलं. मारायला आला असेल तर मारू दे, असं त्याला वाटलं. त्याला ते बरंही वाटलं असतं. पण विरुपाक्ष काठावर खाली बसला.

"तू सांगितला हुतास," तो म्हणाला. "फुटंल म्हणून. मी ऐकलो न्हाई."

एवढ्यावर थांबता आलं असतं. अळीमिळी गुपचिळी, दोघांचंही झाकलं असतं. व्यंकटने तळवा पाइपवर ठेवला, आणि वर न बघता तो बोलला.

"कुठं तरी फुटंल म्हणलो, अण्णा. कुठं फुटंल ते मला ठावं हुतं. ते सांगितलो न्हाई."

एक हात काठावरच्या खडीत रुतला, त्याची मूठ झाली. व्यंकट वाट पाहत राहिला. मग मूठ सुटली, खडी जिथल्या तिथे पडली, आणि पाय उठून निघून गेले.

राहिलेले चार फेरे व्यंकटने पाव-पाव करून दिले. प्रत्येक पावाला थांबला, प्रत्येक वेळी लाट गेली आणि आली. दहाची पंधरा मिनिटं झाली. मग चेंबरवर झाकण ठेवून तो टाकीकडे निघाला. वाट त्या ओट्यावरूनच होती. ओटा धुतलेला होता. फरशीच्या फटीत तांदळाचे चार दाणे अडकून फुगले होते.

व्यंकट तिथे थांबला. कुणी काही विचारलं नाही.

"बंतु, अव्वा," तो म्हणाला, आणि चालायला लागला.