शेवटून दुसरी

मी माया. एसटीत कंडक्टर, वय बावन्न, घर नंदनवन कॉलनीत. पारशिवनीकडच्या जंगलात पन्नास किलोमीटर पळाच्या शर्यतीत नाव टाकलं, तं आमचे हे, प्रेमानंद, पेपरातून मान वर न करता म्हणे, "शेवटची येशील वं." असा राग आला मले. म्हटलं, शेवटची आली तं पुन्हा पळण्याचं नाव घेणार नाही.

पस्तीस किलोमीटर मस्त गेले. मंग मुरमाचा चढ लागला अन् पायानं संपच केला. पुढे कोणी दिसे ना, मागे कोणी दिसे ना. एका सागाखाली बसली अन् चांगली रडली. वाटलं, झालं तेवढं बस झालं.

तेवढ्यात मागून एक चाळिशीचा माणूस आला. नाव रजत म्हणे. "पाणी घेता काय, ताई?"

मागून आला! म्हंजे मी शेवटची नव्हती. पाणी प्याली अन् ताडकन उठली. "तुमी करा आराम," म्हटलं, "मी निघते."

आता याले काही पुढे जाऊ द्याचं नाही. पाय अडले का बसमधल्यासारखी ओरडे, "दारात उभे राहू नका, पुढे सरका." पाय मुकाट्यानं सरकत. मी थांबली का तोही थांबे.

"काहून थांबला गा?"

"दम लागला, ताई."

दम लागला म्हणे, अन् शीळ वाजवून राहिला होता. तरी माह्या डोक्यात उजेड पडला नाही.

वेळ संपाले सहा मिनिटं असताना पोचली. वैभवी नावाच्या पोरीनं गळ्यात मेडल टाकलं अन् म्हणे, "चला, आता सगळे आले."

"कुठं सगळे? एक मागे आहे ना अजून."

"रजतभाऊ? ते शर्यतीत नाहीत, काकू. सगळ्यात मागच्या माणसामागे चालणं, हेच काम आहे त्याईचं."

मी वळून पाहिलं. तो खाली पाहून हसून राहिला होता. तोंडात चार शिव्या आल्या होत्या, पण हसू असं फुटलं का डोळ्यातून पाणी आलं. पंधरा किलोमीटर मी त्याले हरवून राहिली होती, अन् तो मले घेऊन येऊन राहिला होता.

प्रेमानंदले फोन लावला.

"शेवटचीच आली हो," म्हटलं, "पण एकटी नाही आली. पुढच्या साली नाव टाकाचं आहे, तुमचंही."