लव्हाळ्याचे केस

"माणसं येतात आणि जातात, वनस्पतीला दिलेलं नाव मात्र प्रलयापर्यंत टिकतं." निवृत्तीच्या समारंभात सरांनी हे वाक्य असं काही टाकलं होतं, की मागच्या रांगेतला शिपाई जांभई अर्धवट सोडून टाळ्या वाजवायला लागला. प्रलयाला अजून अवकाश होता. नावाची मुदत मात्र, सकाळी आलेल्या फोनवरून कळलं, या महिनाअखेरीस संपत होती.

फोन भिंगबाईंचा. सरांची जुनी विद्यार्थिनी, आता वनस्पती-संग्रहालयाची प्रमुख. गळ्यात कायम भिंग लटकलेलं, म्हणून भिंगबाई. हे नाव सरांनीच ठेवलेलं, आणि त्यांनी ठेवलेल्या नावांपैकी टिकण्याची खात्री आता तेवढ्या एकाचीच उरली होती.

"सर, तुमचा डोंगरी लव्हाळा मी जुन्या प्रजातीत विलीन करतेय. छापण्याआधी सांगावं म्हटलं."

"विलीन? अगं, त्याच्या फळाभोवतीची पिशवी गुळगुळीत आहे! जुन्या प्रजातीच्या पिशवीवर केस असतात. तोच तर फरक."

"तोच सापडत नाहीये. त्याच कड्यावरून आमच्या लोकांनी पोतंभर लव्हाळा आणला. सगळा केसाळ. गुळगुळीत असा जगात एकच, तुमचा मूळ नमुना. घरी जोडनमुना आहे ना, फ्रेममधला? एकाच दिवशी तोडलेला. तो बघा. तोही गुळगुळीत निघाला तर मी एक अक्षर छापणार नाही."

लव्हाळा दिसायला गवतासारखाच. खोड बोटांत फिरवलं की तीन कडा लागतात, गवताच्या लागत नाहीत. याच्या पुढचं सांगायला गेलं की ऐकणारा घड्याळाकडे बघतो. डोंगरावर तर एकीला झाकावं आणि दुसरीला काढावं अशा त्याच्या प्रजाती. ओळख पटते ती फळाभोवतीच्या मोहरीएवढ्या पिशवीवरून: तिची चोच, तिच्या शिरा, तिचे केस. त्या नसलेल्या केसांवर सरांची सगळी कीर्ती उभी होती. शिवाय संसारही.

कारण काकू, म्हणजे सरांच्या सौभाग्यवती, तेव्हा त्याच संग्रहालयात वाळलेल्या वनस्पती जाड कागदावर चिकटवायच्या कामाला होत्या. लोक मागणी घालताना अंगठी देतात. सरांनी शोधनिबंधाची प्रत दिली. नव्या प्रजातीला काकूंचं नाव, मागे लॅटिन शेपूट लावून. काकूंच्या वडिलांनी निबंध उलटसुलट करून पाहिला आणि विचारलं, "याचा उपयोग काय?" सर खरं बोलणारे. म्हणाले, "काही नाही. गुरंसुद्धा तोंड लावत नाहीत." तरी लग्न झालं. तेव्हापासून घरात कितीही वाजलं, तरी काकूंचं शेवटचं वाक्य ठरलेलं: "निदान एक गवत तरी माझ्या नावावर आहे." आणि सरांचंही ठरलेलं: "गवत नाही. लव्हाळा."

आता हिला कुठल्या तोंडाने सांगायचं?

काकू स्वयंपाकघरात आहेत असं पाहून सर स्टूल घेऊन दिवाणखान्यात आले. सोफ्याच्या वरची फ्रेम उतरवली, मागचे खिळे उपसले, काच बाजूला केली आणि कागदावर भिंग धरून ओणवे झाले.

पिशवी गुळगुळीत! दुसरी, तीही गुळगुळीत! तिसरीवर, चौथीवर केसाचा मागमूस नाही. भिंगबाई पोतंभर काय, ट्रकभर आणोत.

मग नजर कणसाच्या बुडाशी गेली. तिथे झाड धरून ठेवायला कागदाची पट्टी डकवलेली होती. सरांनी सुरीच्या टोकाने ती अलगद उचलली. खाली दोन पिशव्या होत्या. दोन्हींवर भरघोस केस.

सरांनी पट्टी पुन्हा खाली दाबली. उचलून कोण बघणार आहे? फोन करायचा, गुळगुळीत म्हणायचं, विषय संपला. त्यांनी एक हात फोनकडे नेलासुद्धा.

"अहो, माझं झाड फाडून काय चाललंय?" दारात काकू.

"काही नाही. केस बघतोय."

"स्वतःचे संपले म्हणून?"

सरांना थाप जमली असती, तर ते वर्गीकरणात न जाता प्रशासनात गेले असते. त्यांनी फोनपासून पट्टीपर्यंत सगळं सांगून टाकलं. काकूंनी चष्मा चढवला, भिंग घेतलं, पट्टीखाली पाहिलं.

"हां. इथे ब्रश पोचला नसणार."

"कसला ब्रश?"

"दात घासायचा. नवा आणला होता हो! तुमचे नमुने म्हणजे काय अवतार असायचा: माती, कोळ्याची जाळी. हा आणि तो संग्रहालयातला, दोन्हींवर तर बुरशीसारखं पांढरं काहीतरी होतं. कागदावर डकवल्यावर दाणा न् दाणा घासला. दोन दिवस लागले मला."

"पण एवढी मेहनत याच दोन नमुन्यांवर का?"

"नवीन लागलेला साहेब होता," काकू भिंगातून नजर न काढता म्हणाल्या, "आणि बरा दिसायचा."

सर स्टुलावर बसले. मग त्यांनी भिंगबाईंना फोन लावला.

"कर विलीन. पट्टीखाली केस आहेत."

"सॉरी सर. पण मूळ नमुना गुळगुळीत का, याचं कारण द्यावं लागेल. काय लिहू?"

"लिही, नमुना प्रमाणाबाहेर स्वच्छ होता."

फोन ठेवल्यावर सरांना काकूंकडे बघवेना. "तुझं नाव अगदीच पुसलं जात नाही," ते भिंतीला म्हणाले. "नियम आहे. वर जुनं नाव राहतं, आणि खाली बारीक अक्षरांत तुझं. कायमचं."

"वर कुणाचं?"

"कुणी एक मोजणी अधिकारी होता. मिशीवाला. त्याने हे झाड पाहिलंही नव्हतं."

"म्हणजे लग्न केल्यासारखंच की," काकू म्हणाल्या. "वर कुणा मिशीवाल्याचं, खाली बारीक माझं. सवय आहे मला."

त्यांनी पट्टी बोटाने नीट दाबून बसवली, काच पदराने पुसून जागेवर ठेवली. "आणि लावा परत भिंतीवर. कुणाचं का असेना, झाड चांगलं आहे. लव्हाळा आहे तो, गवत नाही."

उभ्या संसारात पहिल्यांदा काकूंनी त्याला लव्हाळा म्हटलं होतं. सर स्टुलावर चढले, फ्रेम खिळ्याला अडकवली आणि तिथूनच म्हणाले, "अगं, खरं सांगू का..."

"सांगा सावकाश. पण चढलाच आहात, तर तेवढी कोपऱ्यातली जळमटं काढता का? ब्रश देते."