हिरवी खुर्ची

आंधळ्यांच्या कर्मशाळेत ती वेताच्या खुर्च्या विणायला शिकली त्याला सात वर्षं झाली होती. हाताला असं वळण, की नव्या मुली आल्या की मास्तर म्हणत, "आधी हिची वीण चाचपून बघा, मग मला शंका विचारा."

तिच्या खुर्च्या कोर्टात जातात, हे मास्तरांनीच सांगितलेलं. तेव्हापासून तिची मान ताठ. भावाकडे होती तेव्हा वहिनी तिला भिंतीकडेच्या बाजेवर बसवून ठेवायची आणि पाहुणे आले की आत न्यायची. आता तिच्या विणीवर जज्ज बसत होते!

"तरीच निकालाला एवढी भोकं," शेजारची बडबडी म्हणायची, आणि दोघी पोट धरून हसायच्या.

त्या सकाळी मास्तरांनी तिच्यापुढे खुर्ची ठेवली. "नवी कोरी हं ताई. हिरवी आहे. मागची लाल होती."

रंगाचा वास ताजा होता. तिने सवयीने चौकटीच्या भोकांवरून बोट फिरवलं. मागच्या कोपऱ्यात काहीतरी टोचलं. काडेपेटीच्या काडीचा तुकडा. गेल्या महिन्यात एक खुर्ची विणताना पट्टी अडकवायची खुंटी मोडली, तेव्हा मास्तरांच्या नकळत तिनेच तो दडपून बसवला होता.

बोट तिथेच राहिलं.

"मास्तर, आमची वीण कधीपासून उसवताय?"



"कोर्टात लोखंडी खुर्च्या आल्या तेव्हापासून," मास्तर म्हणाले. "दोन वर्षं झाली. काम नाही म्हटलं तर वरचे लोक इथे कुलूप घालतील, ताई. तुम्हा सगळ्यांना घरी पाठवतील."

घरी. भिंतीकडेची बाज.

"ते कळलं हो. पण आम्हाला फसवायला रंग?" ती म्हणाली.

"मलाच बघवेनात त्याच त्या खुर्च्या," मास्तर म्हणाले.

 मग बादलीतली भिजलेली पट्टी काढून तिने पहिल्या भोकात ओवली.

"यापुढे कात्री लावू नका. पाणी मारून हळू सोडवा. वेत चिरतो."

सवयीने तिने गाठ करकचून मारली. मग नखाने जराशी सैल केली.