बहिरीच होती ना?

चिमट्याच्या टोकाला धरलेली कडी, निळा मुलामा दिलेली, करंगळीच्या नखाएवढी, तिने नळाच्या धारेखाली पुन्हा एकदा फिरवली, कारण पहिल्यांदा वाचलेला आकडा तिला चुकीचा हवा होता. चिकटा निघून गेला. आकडा होता तोच राहिला. यंदाचं साल आणि पुढे चारशे बारा. कडीच्या आत अजून पाय होता, कबुतराचा, गुलाबी, नखांसकट.

टेबलावर पक्षी उताणा पडला होता. काल कड्याच्या पायथ्याशी राखणदाराला सापडला आणि त्याने पिशवीवर चिठ्ठी लावली : ‘मेलेली घार’. सकाळी ती चिठ्ठी वाचून तिचं डोकं फिरलं होतं. घार! बाकदार चोच दिसली की झाली घार. गालावरची काळी मिशी दिसत नाही, चोचीच्या कडेचा तो खाचेसारखा दात दिसत नाही, मिटल्यावर थेट शेपटीच्या टोकाशी पोहोचणारे पंख दिसत नाहीत... तीन वर्षं त्या कड्याची राखण करतात आणि ज्याची राखण करायची तेच ओळखता येत नाही! तिने चिठ्ठी फाडली, नोंदीच्या कागदावर ‘बहिरी ससाणा, मादी, पूर्ण वाढलेली’ असं लिहिलं, पेन इतकं दाबून की खालच्या कागदावरही उमटलं. तेव्हा तो राग किती सोपा होता. अन्नपिशवी उघडून ही कडी सापडायच्या आधीचा.

“काय गं, काय निघालं?” डॉक्टरीणबाई दारातून आत डोकावल्या.

“कबुतर.”

“आणि?”

“पिशवीचं अस्तर पार गेलंय. विषच असणार.”

“रसायनवाल्यांकडे धाड लगेच. या वेळी कोणी केलं ते कळायलाच हवं मला.” बाई टेबलाजवळ आल्या, पक्ष्याच्या कपाळावर एक बोट टेकवून उभ्या राहिल्या. “मेल्यांना हात कसे होतात गं?”

कडी तिच्या मुठीत होती, हातमोज्याच्या आत. हात कसे होतात – कसे होतात ते मला माहीत आहे बाई, ते हात मी रोज बघते. कापतात ते हल्ली. म्हणून तर घरच्या कबुतरांच्या पिल्लांना कड्या घालायचं काम माझ्याकडे आलं. पुढची तीन बोटं एकत्र धरायची, कडी वरून सरकवायची, मागचं बोट काडीने हळूच सोडवून घ्यायचं. सातव्या दिवशीच. त्याआधी घातली तर गळून पडते, उशीर झाला तर पायात जातच नाही. चारशे बारा मीच घातली होती. करडं पिल्लू, मान जराशी तिरपी... अण्णा शेजारी बसून म्हणाले होते, “हिला जपून गं, हाडं नाजूक आहेत हिची.”

अण्णा. तिचे वडील. ज्यांनी ती पाच वर्षांची असताना गच्चीवर तिची हनुवटी धरून तोंड वर करवलं आणि आभाळ वाचायला शिकवलं : दुभंगलेल्या शेपटीची ती घार. चार वेळा फडफडून मग तरंगतो तो शिक्रा. आणि आपल्याला दिसायच्या आधी ज्याला आपली कबुतरं बघतात, तो बहिरी.

आणि पंधरा दिवसांपूर्वी – हे आठवलं आणि तिने हातमोजे ओरबाडून काढले – पंधरा दिवसांपूर्वी जेवता जेवता तिनेच सांगितलं होतं, अंडी घातली अण्णा, तीन! कुठल्या कपारीत, कुठल्या झुडपाच्या मागे, सगळं सगळं. अण्णांनी विचारलं, सकाळी साधारण किती वाजता उठते गं शिकारीला? तिला वाटलं होतं, म्हाताऱ्याला कौतुक आहे. कौतुक! बावळट, एवढी शिकलीस, चाळिशीला आलीस, आणि घास तोंडात घेऊन त्यांना वेळ सांगितलीस.

जेवणाच्या सुट्टीत ती घरी गेली. पंधरा मिनिटांचा रस्ता ती आठ मिनिटांत चालली. वाटेत काच पुसणाऱ्या दुकानदाराचा राग आला, सिग्नलचा आला, हसत हसत आडव्या आलेल्या दोन बायकांचा आला. सगळं जग कसं जागच्या जागी होतं!

गच्चीवरच्या ढाबळीत अण्णा दाणे निवडत बसले होते.

“आज लवकर? जेवलीस का?”

तिने कडी दाण्यांच्या परातीत टाकली. अण्णांनी ती उचलली, चष्मा न लावताच अंगठ्याने आकड्यावरून हात फिरवला. कुठून आणलीस, असं त्यांनी विचारलं नाही. ते विचारतील, निदान तेवढं तरी नाटक करतील, अशी आशा आपल्याला होती हे तिला त्या क्षणी कळलं.

“बहिरीच होती ना?” ते म्हणाले. “घार नव्हती ना उगाच एखादी?”

“बहिरीच.”

“मादी?”

“मादी.”

“मादीच असणार. नर एवढं कबुतर उचलायचा नाही.”

आणि तिने मान हलवली. सवयीने हलली मान, पस्तीस वर्षं अशाच गप्पा मारत आले होते दोघं. मग ती ओरडलीच.

“जिवंत कबुतराला विष लावून सोडलंत तुम्ही! करडीला!”

“शर्यतीच्या कामाची नव्हती ती. पण त्रास नाही झाला हो तिला. हातात घेऊन समजावलं मी, मग सोडलं.”

“समजावलं?”

“तेरा नेली त्या तुझ्या पक्षिणीने. तेरा. तिची राखण करायला तुम्ही सगळे आहात, पगारी. माझ्या पोरांना कोण आहे?”

“मी लिहिणार आहे, अण्णा. कडीचा नंबर लिहिणार आहे. शर्यतीच्या संघात विचारतील ही कडी कोणाची, दोन दिवसांत तुमच्या दारात येतील.”

“लिही. तुझं कामच आहे ते.” त्यांनी कडी तिच्या हातात परत ठेवली. “पण आधी चार घास खा. रागात उपाशी जाऊ नकोस.”

ओरडले असते, खोटं बोलले असते, तर बरं झालं असतं. तिने पाण्याचं पातेलं लाथेने उडवलं. सगळी ढाबळ एकदम फडफडली, आणि अण्णा तिच्याकडे ढुंकूनही न बघता कबुतरांकडे वळले – “नाही नाही, काही नाही झालं, बाळांनो...” – त्याच आवाजात, ज्या आवाजात तिच्या तापात ते रात्ररात्र बोलत.

प्रयोगशाळेत परत येऊन तिने कडी काचेच्या नळीत घातली, बूच लावलं, नोंदीत नंबर लिहिला. अक्षर सकाळच्यासारखं दाबून आलं नाही. कागद बाईंच्या ट्रेमध्ये उताणाच ठेवला, कोणालाही वाचता येईल असा.

पण बाई ट्रेकडे न बघताच घाईघाईने आल्या.

“राखणदाराचा फोन होता. नर कालपासून अंड्यांवरून उठलेला नाही, उपाशी आहे. आता उठेल आणि मग सगळं गार होईल. मी माणूस चढवलाय, तासाभरात तिन्ही अंडी इथे येतील. आपलं उबवणीचं यंत्र तर बंद पडलंय... अगं, तुझे वडील! त्यांच्याकडे अंडी उबवायची पेटी आहे ना? त्यांच्याइतकं अंड्यातलं कोणाला कळतं?”

हसू फुटेल की काय अशी भीती वाटली तिला.

अण्णा हो म्हणतील. याबद्दल तिला तिळमात्र शंका नव्हती. पेटी पुसून ठेवतील, तासातासाला अंडी फिरवतील, उजेडासमोर धरून आतल्या शिरा तिला दाखवतील, आणि त्यांचे हात कापणार नाहीत. तेही खरंच असेल. काल सकाळी करडीला समजावलं ते खरं होतं तितकंच. त्यांना ती अंडी देऊ नये असं एकही कारण नव्हतं, एक सोडून. आणि ते कारण बाईंच्या ट्रेमध्ये उघडं पडलं होतं. बाई वाचतील दोन मिनिटांनी, नाहीतर उद्या. अंडी तोवर थांबणार नव्हती.

“अगं, लाव ना फोन.”

“लावते,” ती म्हणाली.

तिचा आवाज तिला स्वतःलाच अनोळखी वाटला – मऊ, समजूतदार, ढाबळीतल्या अण्णांसारखा. राग तसूभरही कमी झाला नव्हता. सकाळी तो भडकत होता, कागदातून आरपार उमटत होता. आता तो गार पडला होता, आणि गार रागाने माणूस किती शांतपणे काय काय करू शकतं, ते तिने आजच, भर दुपारी, गच्चीवर पाहिलं होतं.